जिवावर आलंय

मराठी माणसाच्या जिवावर काय येत नाही ते विचारा. सुट्टीच्या दिवशी आंघोळ जिवावर येते. उन्हाची कोपऱ्यावर जाऊन कोथिंबीर आणायची जिवावर येते. दूरच्या चुलतसासऱ्यांना सांत्वनाचा फोन करायचा, तर तो सगळ्यात जिवावर येतो. म्हणणारा म्हणतो, ऐकणारा ‘हूं’ करतो आणि दोघंही आपापल्या कामाला लागतात. त्या बोलण्यात जीव असा कुठे नसतोच. त्यामुळे विद्या सामंत वर्षभर ‘जिवावर आलंय’ म्हणत राहिली आणि मस्कतमधल्या अल हैलच्या त्या घरात कुणाचे कान टवकारले नाहीत, यात दोष कुणाचा म्हणायचा? भाषेचा म्हणा हवं तर. माणसांना दोष दिला की ती भांडायला उठतात.

विद्या चिपळूणजवळची. लग्नाआधी गावातल्या बालवाडीत शिकवायची. पोरांना गोष्टी सांगून सांगून तिची जीभ अशी काही सैल सुटली होती की म्हणीवाचून तिचं वाक्य पुरं होत नसे. दूध नासलं तर म्हण, पाहुणा उशिरा आला तर म्हण, नवरा चिडला तर दोन म्हणी. नवरा मात्र मिळाला मुलखाचा अबोल. जयप्रकाश सामंत डोंबिवलीचा, मस्कतला एका बांधकाम कंपनीत क्वांटिटी सर्व्हेयर. इमारतीला सळई किती लागेल, सिमेंट किती लागेल याचा अंदाज काढायचा हे त्याचं काम, आणि घरीही तो तसाच मोजूनमापून बोलायचा. ती म्हणायची, अहो, तुम्ही हसता तेसुद्धा टेंडर भरल्यासारखं. मग तो खरंच हसायचा. माणूस वाईट नव्हता, हे आत्ताच सांगून ठेवलेलं बरं, कारण पुढे त्याचा राग येण्यासारखं बरंच आहे.

लग्न करून ती आली ती थेट ओमानात. आधी मस्कतच्याच रुवी भागात एका जुन्या इमारतीतली दोन खोल्यांची जागा होती. खाली हॉटेलं, पैसे पाठवायची दुकानं, टॅक्सीवाल्यांचे हॉर्न. तिथे ती रमली, कारण खिडकी उघडली की माणूस दिसायचा. मग पगार वाढला, उत्तरा झाली, आणि सगळे जातात तसे तेही अल हैलला गेले. एका ओमानी कुटुंबाच्या व्हिलाचा वरचा मजला. प्रशस्त, पांढराशुभ्र, गॅलरीतून समुद्राची एक पट्टी दिसणारा. रस्त्यावर मात्र दिवसभर चिटपाखरू नाही. माणसं गाडीतून निघायची आणि गाडीतूनच परत यायची. पहिल्या दिवशी विद्या म्हणाली होती, घर मोठं आणि बोलायला भिंत. त्या भिंतींशी बोलूनही तिने पुढची आठ-नऊ वर्षं मजेत काढली.

उत्तरा इथलीच. इंडियन स्कूलमध्ये जाणारी, मैत्रिणींशी इंग्रजीत भांडणारी, आणि आईशी मराठी बोलताना प्रत्येक शब्द उचलून उलटसुलट बघणारी. ‘माझा पेन्सिल हरवली’ असं तिचं मराठी. वाक्प्रचार तिला कळायचे ते शब्दाला शब्द. एकदा डोंबिवलीची आजी फोनवर म्हणाली, जिने चढून चढून पाय गळून गेले गं बाई, तर ही पोर फोन टाकून रडायलाच लागली. एकदा विद्या म्हणाली, हळू बोल, बाबांचा आत्ताच डोळा लागलाय, तर हिने विचारलं, कुणाला लागला? तिथल्या मराठी मंडळाच्या कार्यक्रमात विद्या हे किस्से हातवारे करून सांगायची आणि बायका हसून हसून बेजार व्हायच्या. ‘उत्तराचं मराठी’ हा मस्कतमधल्या त्या पाचपन्नास घरांतला ठरलेला विनोद होऊन बसला होता. उत्तराही हसायची. पण न कळलेलं विचारायची मात्र ती सोडत नसे. तिला वाटायचं, मोठी माणसं म्हणतायत म्हणजे तसंच असणार.

हे सगळं कधी बिघडलं, ते विद्यालाही सांगता येत नाही. २०१५चा उन्हाळा असेल किंवा त्याच्या थोडं नंतर. एका सकाळी जाग आली, पलंगावरून पाय खाली टाकायचा, तर तो टाकवेना. दुखत काहीच नव्हतं. ताप नाही, सर्दी नाही. छातीवर ओली गोधडी टाकावी तसं काहीतरी पडलेलं. शेवटी उठली, डबे केले, पण ते दुसऱ्याच कुणीतरी केल्यासारखे वाटले. मग तसलेच दिवस एकामागून एक यायला लागले. कोपऱ्यावरच्या किराणा दुकानातून जहूर फोन करायचा, ‘भाभी, दूध छोटा भेजूं या बडा?’ विद्या फोन कानाला लावून उभी राहायची आणि तिला उत्तर सुचायचं नाही. छोटं की मोठं? मोठं की छोटं? डोळ्यांत पाणी यायचं. जहूर वाट बघून आपणच म्हणायचा, बडा भेजता हूं, आणि फोन ठेवायचा.

जिभेची चव गेली. भाजीत मीठ जास्त झालंय हे तिला नवऱ्याच्या तोंडाकडे बघून कळायचं. गॅलरीतली तुळस वाळली, ती तिने बघितली आणि तशीच राहू दिली. आणि सगळ्यात मोठी गोष्ट, जी कुणाच्या ध्यानातच आली नाही, ती म्हणजे तिच्या म्हणी आटल्या. एवढी बडबडी बाई, पण बोलणं कमी होत होत दोन शब्दांवर येऊन ठेपलं. बाजारात येतेस का? जिवावर आलंय. केस तरी विंचर. जिवावर आलंय हो. विशाखाकडे हळदीकुंकू आहे. जिवावर आलंय गं.

कारण सापडलं की माणसाला हायसं वाटतं, म्हणून सगळे कारण शोधायला लागले. डोंबिवलीच्या सासूबाईंनी ठरवलं, आदल्या वर्षी हिची आई गेली, ते हिने मनाला लावून घेतलंय. ते खरंच होतं. आई गेली तेव्हा विद्या तातडीने गेली, दिवसकार्य आटोपून उत्तराच्या परीक्षेसाठी परत आली, आणि तेव्हापासून एकदा रडली म्हणून नाही. जयप्रकाशला वाटलं, आपल्या कंपनीत जे चाललंय त्याचं हिला टेन्शन आलंय. तेही अगदीच खोटं नव्हतं. तेलाचे भाव कोसळले होते, कंपनी माणसं कमी करत होती. गुरुवारी आठवडा संपताना कुणाच्या तरी टेबलावरचा चहाचा मग नाहीसा व्हायचा आणि बाकीचे ‘खलास’ म्हणून मान हलवायचे. तो घरी येऊन हे सांगायचा. विद्याला वाटायचं, आपल्याला याची काळजी वाटायला हवी. पण वाटत काहीच नसे, आणि त्याचंच तिला जास्त भय वाटायचं.

विशाखा म्हणजे मंडळातली तिची जिवलग मैत्रीण. तिने एक दिवस विद्याला समोर बसवून चांगलंच फैलावर घेतलं. नवरा निर्व्यसनी, मुलगी हुशार, घरात बसून समुद्र दिसतो, सासू समुद्रापलीकडे. आणखी काय हवं असतं बाईला? ‘विद्या, तुला ना, सुख दुखतंय,’ ती म्हणाली. प्रेमानेच म्हणाली, हातात गरम पोह्यांची बशी देऊन म्हणाली. विद्याने मान डोलावली. तिला ते पटलंच होतं. आपल्याला सुख दुखतंय, म्हणजे आपण किती कृतघ्न. तोवर नुसतं ओझं होतं, त्या दिवसापासून त्यात शरमेची भर पडली.

अधूनमधून तिला अक्कामावशी आठवायची. आईची थोरली बहीण. भर दुपारी माजघरात भिंतीकडे तोंड करून पडलेली असायची, महिनेच्या महिने. घरात तिला सगळे कुंभकर्ण म्हणत. विद्या आणि तिची भावंडं मावशीच्या पाठीवर गवताची काडी फिरवून पळून जायची. मावशी हलायची नाही. एके वर्षी ती गेली, आणि कशाने गेली ते मुलांना कुणी सांगितलं नाही. आता अल हैलच्या गार, पडदे ओढलेल्या खोलीत विद्या भिंतीकडे तोंड करून पडली की तिच्या पाठीवरून ती काडी फिरायची.

जयप्रकाशने आपल्या परीने होईल ते केलं. ओव्हन आणला. केक शिकायच्या क्लासला नाव घातलं. शुक्रवारी संध्याकाळी समुद्रावर न्यायचा. ती गाडीतून उतरायची नाही, काचेतून बघत बसायची, आणि तो एकटाच वाळूत चार पावलं टाकून परत यायचा. कंटाळा घालवायचा तर माणसाने बिझी राहायला हवं, असं त्याचं ठाम मत होतं. कंटाळा, आळस आणि हे जे काय होतं ते, यांत काही फरक असेल असं त्याच्या मनातही आलं नाही.

शेवटी रुवीतल्या एका क्लिनिकमध्ये नेलं. डॉक्टर केरळचे, वयस्क, समंजस. मराठी त्यांना येण्याचा प्रश्नच नव्हता आणि हिंदीही जेमतेम. विद्याला इंग्रजी कळायचं, पण बोलायचं तर आधी वाक्य जुळवावं लागायचं, आणि त्या दिवसांत तिला मराठी वाक्यही जुळत नव्हतं. काय होतंय, असं डॉक्टरांनी विचारलं. विद्या नवऱ्याकडे बघून म्हणाली, सांगा ना, सगळंच जिवावर येतं म्हणून. आणि उत्तम मराठी जाणणाऱ्या जयप्रकाशने त्याचं अगदी बरोबर भाषांतर केलं.

‘शी इज गेटिंग बोअर्ड, डॉक्टर,’ तो म्हणाला. ‘लिट्ल लेझी फीलिंग.’

बोअर्ड आणि लेझी हे शब्द कळायला कॉलेज लागत नाही. विद्याला वाटलं, म्हणावं, अहो, तसं नाही. पण तसं नाही तर कसं, हे सांगायला शब्द लागले असते. ते कुठून तरी शोधून, उचलून आणावे लागले असते. 

रक्त तपासलं. व्हिटॅमिन डी कमी निघालं. ज्या देशात ऊन वर्षभर पाठ भाजून काढतं, तिथे ज्याचं त्याचं व्हिटॅमिन डी कमी. आता बोला. आठवड्याला एक गोळी मिळाली, मन रमवा असा सल्ला मिळाला, आणि जयप्रकाशला इतकं हायसं वाटलं की परतताना त्याने बायकोसाठी मोगऱ्याचा गजरा घेतला. एकदाचं कारण सापडलं होतं, तेही औषधाच्या दुकानात मिळणारं. विद्याने गजरा माळला. वास आला नाही.

गोळ्या चालू राहिल्या. त्याच सुमारास विद्याच्या मनात एक विचार येऊन बसला, आणि तो इतक्या निवांतपणे आला की तिला त्याची भीतीही वाटली नाही. आपण नसलो तर या दोघांचं बरं चालेल. यांना कुणाची तोंडं चुकवायला नकोत, पोरीला घरी येऊन अंधारी खोली बघायला नको. फक्त पोरीला चार घास शिजवता आले पाहिजेत. एवढं झालं की झालं.

मग ती उठायला लागली. उत्तरा शाळेतून आली की तिला ओट्याशी उभी करायची. डाळ एवढी, पाणी बोटाच्या पेरापर्यंत, हळद, हिंग, शिट्टी झाली की गॅस बारीक. रोज वरणभात, जमेपर्यंत तोच. भात करपला, पोरीला चटका बसला, तरी दुसऱ्या दिवशी पुन्हा. उत्तराने एकदा विचारलं, का गं आई, तू आहेस ना? विद्या म्हणाली, यायला हवं तुला, आणि फोडणीची कढई उतरवली. जयप्रकाश दारात उभा राहून हे बघायचा आणि त्याला भरून यायचं. बायको हिंडतेफिरते आहे, मुलीला शिकवते आहे. त्याने आईला फोन करून सांगितलं, विद्या सुधारली, व्हिटॅमिनने काम केलं. आग लागो त्या व्हिटॅमिनला.

रक्त पुन्हा तपासून झालं आणि डॉक्टरांना दाखवायची वेळ आली ती जूनमध्ये. शाळेला सुट्टी, म्हणून उत्तराही बरोबर होती. आणि इथे रुवीच्या पार्किंगने आपलं काम केलं. ज्याने संध्याकाळची रुवीत गाडी लावलीय त्याला हे समजावून सांगायला नको. जयप्रकाशने दोघींना क्लिनिकच्या दारात उतरवलं, ‘आलोच’ म्हणाला आणि जागा शोधत गल्लीत नाहीसा झाला. आत त्या दिवशी नेमकी गर्दी नव्हती. नंबर लगेच लागला. विद्या म्हणाली, साहब को आने दो. नर्स म्हणाली, यल्ला, अंदर जाओ, डॉक्टर को जाने का है.

डॉक्टरांनी रिपोर्ट बघितला. व्हिटॅमिन वाढलं होतं, ते खूश झाले. आता कसं वाटतं, त्यांनी इंग्रजीत विचारलं. विद्याने सवयीने बाजूच्या खुर्चीकडे बघितलं. तिथे नवरा नव्हता, सातवीतली मुलगी होती. ‘सांग त्यांना,’ ती म्हणाली, ‘तसंच आहे म्हणावं. सगळं जिवावर आलंय.’

उत्तरा थांबली. वर्षभर ऐकलेलं वाक्य, पण ते दुसऱ्या कुणाला सांगायची तिची पहिलीच वेळ. तिने नेहमीसारखे शब्द एकेक करून उचलले. जीव म्हणजे लाइफ. वर म्हणजे ऑन. आलंय म्हणजे आलंय.

‘डॉक्टर,’ ती म्हणाली, ‘शी सेज, एव्हरीथिंग हॅज कम ऑन हर लाइफ.’

डॉक्टर लिहीत होते ते थांबले. आई नक्की असंच म्हणाली का, असं त्यांनी विचारलं. उत्तरा म्हणाली, हो, रोज म्हणते. उठताना म्हणते, केस विंचरताना म्हणते, फोनवर म्हणते. आणि मग, कुणी विचारलं नसताना, खाली बघत तिने आणखी एक गोष्ट सांगितली. आई मला रोज वरणभात करायला शिकवते. मी म्हटलं, तू आहेस ना? तर ती ‘हो’ नाही म्हणाली.

विद्याला हे इंग्रजी सगळं कळलं. आपण हो म्हटलं नव्हतं, हे तिच्या स्वतःच्याही ध्यानात नव्हतं.

डॉक्टरांनी नर्सला बोलावलं, उत्तराला बाहेर बसवून ज्यूस द्यायला सांगितलं. मग खुर्ची पुढे ओढून, हिंदीच्या व्याकरणाचे धिंडवडे काढत, त्यांनी हळू आवाजात विचारलं, ‘बेटी, आप को मर जाने का लगता है?’

एवढं वाईट हिंदी विद्याने जन्मात ऐकलं नव्हतं. आणि एवढं सरळ तिला वर्षभरात कुणी विचारलं नव्हतं. शुद्ध मराठी बोलणारे सगळे विचारून गेले होते, काय कमी आहे तुला. ती मराठीतच ‘हो’ म्हणाली, आणि मग टेबलाच्या कडेवर डोकं टेकून रडली. आई गेल्यावरचं रडणं राहिलं होतं, तेही त्यातच आलं. डॉक्टर आपल्या भाषेत काहीतरी पुटपुटत तिच्या डोक्यावर हात ठेवून उभे राहिले.

जयप्रकाश घामाने निथळत आत आला तो पार्किंगवरच चिडलेला होता. नंबर गेला का, त्याने विचारलं. डॉक्टरांनी त्याला बसवून सगळं सांगितलं. त्याला पहिल्यांदा राग आला तो उत्तराचा. डॉक्टर, मुलीचं मराठी कच्चं आहे हो, तो सांगू लागला. आमच्यात असं म्हणायची पद्धत आहे, त्याचा अर्थ तसा नसतो, कंटाळा आला की आम्ही सगळेच म्हणतो, मीसुद्धा म्हणतो. बोलता बोलता त्याचं विद्याकडे लक्ष गेलं. तिचा चेहरा ओला होता आणि ती त्याच्याकडे बघत होती, वर्षभरात पहिल्यांदा नीट बघत होती. मग तो बोलायचा थांबला. इमारतीला लागणाऱ्या लोखंडाचा चोख अंदाज काढणारा माणूस, पण त्या खुर्चीत त्याला हात कुठे ठेवावेत ते कळेना.

मानसोपचाराच्या डॉक्टरांकडे जायचं म्हणताना त्याला आधी लोक आठवले. कंपनीत कळलं तर? मंडळात कळलं तर? डोंबिवलीला काय सांगायचं? पण नेलं त्याने, हे मानायला हवं. तिथल्या डॉक्टरबाईंनी आजाराला नाव दिलं, मेजर डिप्रेशन. घरात आधी कुणाला असं होतं का, त्यांनी विचारलं. विद्याने अक्कामावशीचं सांगितलं, काडीचंसुद्धा सांगितलं. बाई म्हणाल्या, कारण एकच शोधत बसू नका. रक्तात थोडं असतं, दुःखात थोडं, एकटेपणात थोडं. कधी यातलं काहीच नसतं आणि तरी माणूस आजारी पडतो. आळस मात्र हा नव्हे. हे शेवटचं वाक्य विद्याने त्यांना पुन्हा म्हणायला लावलं.

तिथे बाहेर बाकावर पहिल्याच खेपेला धनंजय दिसला. मंडळाच्या गणपतीत हातातला माइक न सोडणारा, नकला करून सगळ्यांना लोळवणारा धनंजय, कोपऱ्यात मांडीवर फाइल घेऊन बसलेला. दोघांची नजरानजर झाली. ‘बी-ट्वेल्व्ह,’ तो म्हणाला. ‘व्हिटॅमिन डी,’ विद्या म्हणाली. मग दोघंही आपापल्या मोबाइलमध्ये बघत बसले. पुढे तिथे तिला आणखीही ओळखीचे चेहरे भेटत गेले, रुवीतले, अल हैलचे, एकदा तर थेट दूरच्या इब्रा गावाहून आलेले एक गृहस्थ. सगळ्यांचं व्हिटॅमिनच कमी होतं.

गोळ्यांनी आधी नुसतं तोंड सुकलं आणि झोप वाढली. जयप्रकाश रोज विचारायचा, काही फरक? शेवटी डॉक्टरबाईंनी त्यालाच दटावलं. मग केव्हातरी एकदा आमटीत मीठ जास्त झालेलं विद्याचं विद्यालाच कळलं. जहूरने विचारलं, छोटा या बडा, आणि ती म्हणाली, छोटा. फोन ठेवून ती तशीच भिंतीला टेकून उभी राहिली. बरं झालं असं म्हणवत नव्हतं. अजून आठवड्यातल्या एखाद्या सकाळी ती ओली गोधडी पडलेली असायचीच. पण बाजूला सारता यायची. एक दिवस दूध उतू गेलं आणि तिच्या तोंडून आपसूक म्हण गेली. जयप्रकाश पेपर वाचत होता. त्याने पेपर खाली केला नाही, कारण त्याला आपले डोळे दाखवायचे नव्हते.

या सगळ्यात उत्तराकडे कुणाचं लक्ष गेलं नाही. पोर समजूतदार आहे, एवढंच सगळे म्हणत राहिले. शाळेतून आली की दप्तर ठेवायच्या आधी ती आईचा चेहरा बघायची. मधल्या सुट्टीत शाळेच्या ऑफिसातून फोन करायची, आई, जेवलीस? विद्या न्हाणीघरात जरा जास्त वेळ राहिली की दारावर टकटक. म्हणींचा अर्थ विचारणं तिने बंद केलं आणि मराठी तिचं बघता बघता सुधारलं, कारण आता ती आईचा शब्द न् शब्द कान देऊन ऐकत होती. वरणभात तिने पुन्हा केला नाही. पानात वाढला तर न बोलता बाजूला सारायची.

२०१७च्या गणपतीत विद्या मंडळासाठी मोदक करायला गेली. सकाळपासून उकड मळली, सारण परतलं, कळ्या पाडल्या. विशाखाला दोनदा टोमणे मारले. विशाखाने तिला मिठी मारली आणि कशासाठी ते सांगितलं नाही. संध्याकाळी विद्या घरी आली ती सोफ्यावर आडवीच झाली. पोटऱ्या ठणकत होत्या, खांदे भरून आले होते, आणि ते सगळं तिला छान वाटत होतं. केलेल्या कामाने दमायचं असतं हे ती विसरूनच गेली होती. तेवढ्यात विशाखाचा फोन, की आरतीला येतेस ना परत? विद्या हसत हसत म्हणाली, ‘नाही गं बाई, आता उठायचं अगदी जिवावर आलंय.’

जेवणाच्या टेबलाशी उत्तरा अभ्यास करत होती. खुर्ची मागे पडल्याचा आवाज झाला. पुढच्या क्षणी ती सोफ्याशी होती आणि तिने आईचं मनगट दोन्ही हातांनी धरलं होतं. तोंडाचा रंग उडालेला. फोनवर विशाखा हॅलो हॅलो करत राहिली.

‘अगं, दमले म्हणून म्हटलं,’ विद्या म्हणाली. ‘तसं नाही गं राजा. नुसतं म्हणतात तसं.’

‘तेव्हापण तू नुसतंच म्हणायचीस,’ उत्तरा म्हणाली.

मराठी अगदी स्वच्छ होतं, एकही चूक नव्हती.  विद्याने फोन बंद केला आणि पोटऱ्या ठणकत असतानाही उठली, पोरीला दिसावं म्हणून उठली. स्वयंपाकघरात गेली, तोंडावर पाणी मारलं, चहाचं आधण ठेवलं. उत्तराने मनगट सोडलं नव्हतं, ती ओट्यापर्यंत बरोबर आली. मग विद्याने एकाच हाताने साखर घातली, एकाच हाताने चहा गाळला.

तेव्हापासून ते दोन शब्द त्या घरात कुणी उच्चारत नाही. विद्याच्या बाकीच्या म्हणी परत आल्या आहेत, दूध नासलं तरी येतात, नवरा चिडला तर दोन येतात. पण दिवसभर राबून पाठ टेकायची वेळ आली की ती तोंड उघडते, थांबते, मुलीकडे बघते आणि ‘आय ॲम टायर्ड’ म्हणते. जयप्रकाशही तसंच म्हणतो. त्या घरात आता सगळे इंग्रजीत दमतात.